दुकान, दप्तर आणि दरबार

बँकेतून निवृत्त झालेल्या माणसाला एक खोड जन्मभर पुरते. त्याच्या हाती कुठलाही जुना कागद द्या, तो आधी आकडे पाहतो आणि मग मजकूर वाचतो. माझेही तसेच आहे. देवपुरातल्या घरी दुपारची जेवणे उरकली, की मी जुनी पुस्तके घेऊन बसतो. गेल्या पावसाळ्यात एका स्नेह्याने ‘इंग्लिश रेकॉर्ड्‌स ऑन शिवाजी’ हा ग्रंथ आणून दिला. पुण्याच्या शिवचरित्र कार्यालयाने तो १९३१ साली प्रसिद्ध केला होता. सुरत, मुंबई, राजापूर, कारवार अशा ठिकाणच्या इंग्रज व्यापाऱ्यांनी आपसांत आणि लंडनच्या वरिष्ठांना लिहिलेली पत्रे त्यात आहेत. ज्या धुळ्यात इतिहासाचार्य राजवाड्यांनी देह ठेवला, त्या गावात राहून अस्सल कागदांचा कंटाळा करणे शोभत नाही. मी ग्रंथ उघडला तो महाराजांविषयी वाचावे म्हणून. आणि गुंतलो मात्र एका इंग्रजात. त्याचे नाव जेराल्ड ऑन्जियर.

गुंतण्याचे पहिले कारण अगदी घरगुती होते. त्या पत्रांमध्ये मधूनच आपले धरणगाव येते. आज जळगाव जिल्ह्यातले तालुक्याचे गाव, बालकवी ठोमऱ्यांचे जन्मगाव, एवढीच त्याची ओळख आपल्याला असते. पण १६७४ साली इंग्रजांनी तिथे वखार घातली होती. वखार म्हटले की आज आपल्याला लाकडाची वखार आठवते. त्या काळची वखार म्हणजे दुकान, गोदाम, कचेरी आणि बिऱ्हाड, सगळे एकाच आवारात. सुरतेहून बऱ्हाणपूरला जाणारा हमरस्ता आपल्या खानदेशातूनच जात असे. इंग्लंडच्या राजाचा वकील सर टॉमस रो १६१५ साली याच वाटेने नंदुरबार, थाळनेर, चोपडा करीत बऱ्हाणपूरला गेला होता. तापीकाठचा कापूस आणि तो विणणारे हात यांची कीर्ती तेव्हा समुद्रापर्यंत पोचली होती. सुरतेच्या इंग्रजांना कापड हवे होते. मध्यस्थ दलाल टाळून ते विणकराच्या दारातच घेतले तर स्वस्त पडेल, एवढा साधा हिशेब त्या वखारीमागे होता. आणि त्या वेळी सुरतेच्या इंग्रजांचा मुख्य, म्हणजे त्यांच्या भाषेत प्रेसिडेंट, होता ऑन्जियर.

हा माणूस १६६२ च्या सुमारास हिंदुस्थानात आला. घराणे आयर्लंडमधल्या उमरावांचे. थोरल्या भावाकडे किताब आणि जमीन. धाकट्याने नशीब काढायचे ते परमुलखात. कंपनीची नोकरी म्हणजे काही सुखाची नव्हती. नव्या लेखनिकाला पगार वर्षाला दहा पौंड. योगायोग पाहा, १६६८ साली इंग्लंडच्या राजाने मुंबई बेट कंपनीला दिले ते वर्षाला दहा पौंड भाड्याने! एका कारकुनाचा पगार आणि अख्ख्या मुंबईचे भाडे, दोन्ही सारखेच. पोर्तुगिजांकडून राणीच्या लग्नात आंदण मिळालेले हे बेट राजाला परवडेना, म्हणून त्याने ते व्यापाऱ्यांच्या गळ्यात बांधले. १६६९ साली सर जॉर्ज ऑक्झेंडन सुरतेत वारला आणि सुरतेचे प्रमुखपद व मुंबईची गव्हर्नरी अशा दोन्ही खुर्च्या ऑन्जियरकडे आल्या. सकाळी कापडाचा भाव करणारा माणूस दुपारी राज्यकर्ता झाला.

इथून पुढे माझ्यातला बँकवाला जागा झाला. कारण ऑन्जियरची पत्रे वाचताना मला आमच्या शाखाधिकाऱ्यांची आठवण येत राहिली. शाखा लांब, मुख्य कचेरी त्याहून लांब. त्याने लंडनला पत्र लिहावे आणि उत्तर यायला वर्ष उलटावे. आणि उत्तर काय, तर खर्च कमी करा. मुंबईला तटबंदी हवी, शिपाई हवेत, असे हा लिहितो. संचालक लिहितात, किल्ल्याला नफा नसतो. दोघांचेही खोटे नव्हते. भागधारकांना डिव्हिडंड हवा होता आणि बेटावर मात्र एकीकडे मोगल, दुसरीकडे मराठे, तिसरीकडे जंजिऱ्याचा सिद्दी आणि समुद्रात डच. १६७३ साली डच आरमार खरोखरच मुंबईसमोर येऊन उभे राहिले आणि इथली तयारी पाहून परत गेले. त्या दिवशी तटबंदीवरच्या खर्चाचे महत्त्व कळले असेल. पण ताळेबंदात ‘न झालेली हानी’ दाखवायला रकाना नसतो.

तटबंदीपेक्षाही मला मोलाचे वाटते ते त्याचे दुसरे काम. मुंबईच्या जमिनींचा मोठा घोळ होता. पोर्तुगीज काळापासून कोण मालक, कोण कूळ, याचे वाद चालू होते. नव्या राज्यकर्त्याला सगळे खालसा करणे सोपे होते. ऑन्जियरने १६७२ साली बेटावरच्या जमीनदारांशी करार केला: त्यांनी कंपनीला वर्षाला वीस हजार झेराफिन द्यावेत आणि कंपनीने त्यांचा जमिनीवरचा हक्क मान्य करावा. म्हणजे आपण किती मागणार हे त्याने लिहून दिले. त्याच वर्षी त्याने न्यायालय उघडले. या बेटावर नाना जातींचे, नाना धर्मांचे लोक आहेत आणि न्याय सगळ्यांना सारखाच मिळाला पाहिजे, अशा आशयाचे भाषण त्याने त्या प्रसंगी केले. निरनिराळ्या समाजांचे तंटे त्यांच्याच पंचायतींनी मिटवावेत अशीही व्यवस्था लावली. टांकसाळ सुरू झाली. त्या काळात मुंबईची हवा इतकी वाईट, की गोऱ्या माणसाचे आयुष्य दोन पावसाळ्यांचे समजत. तरीही माणसे येत राहिली. त्याच सुमारास मुंबईत राहून गेलेल्या डॉ. जॉन फ्रायरने बेटाची वस्ती साठ हजार सांगितली आहे. आकडा थोडा फुगवला असेल असे धरले, तरी लोक स्वतःच्या पायाने एखाद्या गावी राहायला येतात, हे त्या गावच्या कारभाराचे मोठे प्रमाणपत्र असते.

त्याचा आणखी एक प्रसंग मला विसरता येत नाही. १६६९ साली सुरतेत काझीच्या जाचाला कंटाळून सुमारे आठ हजार वाणी व्यापारी गाव सोडून भडोचला निघून गेले. त्यांचा पुढारी भीमजी पारेख. तो ऑन्जियरकडे आला आणि म्हणाला, आम्हाला मुंबईत घ्या. कोणत्याही राज्यकर्त्याला मोह व्हावा असा तो क्षण. सुरतेचे भांडवलच उठून आपल्या दारी येत होते! पण ऑन्जियरने त्यांना सबुरीचा सल्ला दिला. मुंबई अजून सुरक्षित नाही आणि बादशहाचा रोष आपल्याला झेपणारा नाही, हे त्याला ठाऊक होते. बँकेच्या भाषेत सांगायचे तर, समोर मोठी ठेव आलेली असताना ‘आमची तिजोरी अजून पक्की नाही’ असे सांगणारा हा अधिकारी. असे अधिकारी मी छत्तीस वर्षांच्या नोकरीत फार थोडे पाहिले.

आता महाराजांकडे येऊ. पन्हाळ्याच्या वेढ्यात इंग्रजांनी विजापूरकरांना मदत केली. त्याची शिक्षा म्हणून १६६१ साली राजापूरची वखार लुटली गेली आणि तिथले इंग्रज कैदेत पडले. त्या नुकसानीच्या भरपाईचे घोंगडे पुढे तेरा वर्षे भिजत पडले होते. सुरतेवर महाराज दोनदा आले, १६६४ मध्ये आणि १६७० मध्ये. दोन्ही वेळा इंग्रजांनी आपली वखार लढवली, पण शहराचे काय झाले ते त्यांनी पाहिले. सूडबुद्धीचा माणूस असता तर त्याने महाराजांच्या शत्रूंशी उघड हातमिळवणी केली असती. ऑन्जियरने १६७४ साली हेन्री ऑक्झेंडनला नजराणा देऊन रायगडी पाठवले. राज्याभिषेकाचे डोळ्यांनी पाहून केलेले जे वर्णन आज आपण अभिमानाने वाचतो, ते याच वकिलाच्या रोजनिशीतले. तहाची बहुतेक कलमे मान्य झाली. किनाऱ्यावर फुटलेल्या जहाजांचा माल परत देण्याचे कलम मात्र महाराजांनी मानले नाही. ते या किनाऱ्याच्या रिवाजाविरुद्ध होते. दोन्ही बाजूंना एकमेकांची किंमत कळलेली होती.

आणि मग आले १६७५. तहाची शाई वाळते न वाळते तोच मराठी फौजेने धरणगाव लुटले. त्यात इंग्रजांची नवी वखारही गेली. पुन्हा वकील रायगडी गेला, पुन्हा भरपाईची बोलणी सुरू झाली.

इथे मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिलो. खानदेशातला मराठी वाचक म्हणून या प्रसंगाकडे कसे पाहायचे? खानदेश तेव्हा मोगलांचा सुभा होता. इथला वसूल औरंगजेबाच्या खजिन्यात जात होता आणि त्याच खजिन्यातून दख्खनवर चालून येणाऱ्या फौजांचे पगार होत होते. शत्रूचा खजिना तोडणे हे युद्धच आहे, आणि त्या युद्धाचा न्याय माझ्या मनात पक्का आहे. पण इंग्रजांच्या पत्रात जिथे जिथे ‘नुकसान’ हा शब्द येतो, तिथे ते गाठोड्यांची किंमत देतात, आणि माझी बोटे सवयीने दुसरा रकाना शोधू लागतात. ते कापड विणले कोणी? कापडाच्या धंद्यात विणकराला आगाऊ पैसे देण्याची पद्धत होती. वखार जळाली तर कंपनीचे भांडवल गेले. पण विणकराच्या डोक्यावरची उचल गेली का? मागावरचे अर्धे ठाण कोणी घेतले? धरणगाव पुन्हा उभे राहिले, १६७९ मध्ये ते पुन्हा लुटले गेले, आणि १६८५ मध्ये संभाजीराजांच्या फौजेने तिसऱ्यांदा. तिन्ही वेळा इंग्रजांची तक्रार दप्तरात आहे. धरणगावकराची तक्रार कुठेच नाही. ज्याला पत्र लिहिता येते, त्याचेच दुःख इतिहासात जमा होते. यात महाराजांच्या थोरवीला उणेपणा येत नाही. उलट, लढाई कितीही न्यायाची असली तरी तिची किंमत ज्याने भरली त्याचे नाव खातेवहीत असावे, एवढेच मला म्हणायचे आहे.

याच वर्षांत ऑन्जियरचेही मन बदलत गेले असावे. अखेरच्या काळात त्याने लंडनला जे लिहिले ते पुढे फार प्रसिद्ध झाले. त्याचा आशय असा, की आता दिवस असे आले आहेत की हाती तलवार धरूनच तुम्हाला व्यापार करावा लागेल. ३० जून १६७७ रोजी तो सुरतेत वारला. त्या वेळी तो चाळिशीच्या आसपासच असावा. मुंबईच्या सेंट टॉमस चर्चसाठी त्याने १६७५ साली दिलेला चांदीचा पेला हीच काय ती त्याची ठळक खूण.

माणूस गेला, पत्र राहिले. आणि ते विचार ज्याच्या हाती पडले तो दुसऱ्या मातीचा होता. सर जोसाया चाइल्ड. हा जन्मात हिंदुस्थानात आला नाही. लंडनच्या व्यापाऱ्याचा मुलगा, पोर्टस्मथला आरमाराला रसद पुरवून गबर झाला, तिथला महापौर झाला, पार्लमेंटात गेला, १६७८ साली बॅरोनेट झाला आणि १६८१ साली कंपनीचा गव्हर्नर. हुशारी वादातीत. १६६८ साली त्याने व्याजाच्या दरावर एक पुस्तिका लिहिली. कायद्याने ठरलेला सहा टक्क्यांचा दर चारवर आणावा, म्हणजे डचांसारखी आपलीही भरभराट होईल, हे त्याचे म्हणणे. आजही अर्थसंकल्पाच्या दिवशी टीव्हीवर जी चर्चा चालते, तिचे मूळ तीनशे-साडेतीनशे वर्षांपूर्वी याच्यापाशी सापडते. स्वस्त कर्ज सर्वांत आधी कोणाच्या कामाचे, हा प्रश्न तेव्हाही त्याच्या विरोधकांनी विचारला होता. कारण मोठा कर्ज घेणारा व्यापारी तो स्वतःच होता.

या चाइल्डने ऑन्जियरचे तलवारीचे वाक्य घेतले आणि कराराचे, न्यायालयाचे, सबुरीचे धडे बाजूला ठेवले. आधी काटकसर म्हणून मुंबईच्या शिपायांवरचा खर्च छाटला. परिणाम असा, की १६८३ साली कॅप्टन किग्विनने बंड करून बेटच कंपनीकडून काढून घेतले आणि जवळजवळ वर्षभर राजाच्या नावाने चालवले. नंतर, १६८६ साली, याच चाइल्डच्या धोरणाने कंपनीने थेट औरंगजेबाशी युद्ध पुकारले. इकडे पश्चिम किनाऱ्यावर सूत्रे होती सर जॉन चाइल्डकडे. आडनाव एकच असल्याने लोक त्यांना बराच काळ भाऊ समजत, पण ते तसे नव्हते. जॉन चाइल्डने सुरतेच्या व्यापाऱ्यांची जहाजे पकडली. उत्तरादाखल सुरतेतल्या इंग्रजांच्या हातापायांत बेड्या पडल्या आणि १६८९ साली सिद्दी याकूतखान मुंबईत उतरला. माझगाव, माहीम त्याच्या हाती गेले आणि इंग्रज आपल्या कोटात कोंडले गेले. शेवटी कंपनीचे वकील हात बांधून बादशहापुढे उभे राहिले, दीड लाख रुपये दंड भरला आणि १६९० साली माफीचे फर्मान घेऊन परतले. जॉन चाइल्ड त्याच धांदलीत मुंबईत वारला. लंडनच्या चाइल्डच्या अंगाला मात्र ओरखडाही उठला नाही. वॉन्स्टेडच्या आलिशान इस्टेटीत, १६९९ साली, तो अंथरुणावर शांतपणे गेला. मधल्या काळात, १६९५ साली, कंपनीने सनद टिकवण्यासाठी बड्या लोकांना पैसे चारल्याची पार्लमेंटाने चौकशी केली. टॉवरच्या तुरुंगात गेले ते कंपनीचे दुसरे पुढारी सर टॉमस कुक.

हे सगळे वाचताना मला माझीच एक सही आठवत होती. १९९० नंतरचा काळ. मी तेव्हा खानदेशातल्या एका गावी शाखेत अधिकारी होतो. एका कापूस व्यापाऱ्याचे कॅश क्रेडिट खाते थकलेले होते. मी तपासणीला गोदामात गेलो तर स्टॉक स्टेटमेंटमध्ये लिहिलेल्या रुईच्या गाठींपैकी निम्म्याही तिथे नव्हत्या. पण तो गृहस्थ महिनाभरापूर्वी निवडून आला होता, आणि गावात त्याच्या मोटारीपुढे ढोल वाजत होते. वरून फोन आला, ‘खाते नूतनीकरण करून टाका, उगाच ताणू नका.’ फोनवरचा आवाज सभ्य होता. मी सही केली. गोदामात काय पाहिले याची दोन ओळींची नोंद फायलीत ठेवणे माझ्या हातात होते. तीही मी ठेवली नाही. पुढे ते कर्ज बुडाले. त्याच वर्षी पाच हजारांच्या पीककर्जासाठी एका म्हाताऱ्या शेतकऱ्याला मी सात-बाराच्या उताऱ्यावरून तीनदा परत पाठवले होते, हे मला आजही टोचते. नियम दोघांना एकच होता. फक्त एकाच्या मागे ढोल होते.

म्हणून ऑन्जियर मला मोठा वाटतो आणि तरी त्याला मी पुरते माफ करू शकत नाही. मोठा अशासाठी, की त्याने न पटलेले लिहून ठेवले, आपले हात कराराने बांधून घेतले आणि आपल्या ताकदीचा खोटा हिशेब दाखवला नाही. माफ अशासाठी नाही, की दुकानदाराने तलवार धरावी हा विचार त्याच्यासारख्या शहाण्या माणसाच्या लेखणीतून आला. शहाण्याने लिहिलेले वाक्य लोभी माणसाला फार उपयोगी पडते. व्यापाऱ्याला संरक्षण हवे हे खरेच. पण तेव्हापासून किंमत ठरवणारा, कर बसवणारा आणि न्याय देणारा माणूस एकच झाला. मग तक्रार घेऊन जायचे कुठे?

त्याचे उत्तर खानदेशाला मिळाले. धरणगावची वखार १६७४ ची. त्यानंतर एकशे चव्वेचाळीस वर्षांनी, फेब्रुवारी १८१८ मध्ये, त्याच कंपनीची फौज थाळनेरच्या किल्ल्यापुढे उभी होती. किल्ला पडल्यावर किल्लेदार तुळशीराम मामांना फाशी दिले गेले आणि शिबंदीची कत्तल झाली. त्याच वर्षी कॅप्टन ब्रिग्जने धुळे हे खानदेशाचे मुख्य ठिकाण केले. कापडाचा भाव करायला आलेले दुकान जिल्ह्याची कचेरी होऊन बसले. मी रोज संध्याकाळी पांझरेच्या पुलावरून चालत धुळ्यात जातो, त्या शहराची मांडणीच ब्रिग्जच्या काळापासूनची आहे.

आज तलवारीची गरज उरलेली नाही. पण दुकान आणि दरबार यांची सोयरीक तुटलेली नाही. निवडणुकीला उभा राहणारा व्यापारी वाईटच असतो असे मी म्हणणार नाही; धंदा केलेल्या माणसाला पैशाची किंमत कळते आणि कारभारात ते ज्ञान लागते. ऑन्जियर हेच त्याचे उदाहरण आहे. पण असा माणूस खुर्चीवर बसला की मी तीन गोष्टी पाहतो. आपण लोकांकडून किती घेणार हे त्याने आधी लिहून दिले आहे का? त्याच्याविरुद्धचा निकाल देऊ शकेल असे कोणी गावात आहे का? आणि त्याच्या कचेरीतला एखादा कारकून न पटलेली गोष्ट फायलीत लिहू शकतो का? तिसरा प्रश्न मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण तिथेच मी नापास झालो.

माझा नातू गेल्या वर्षी बँकेत लागला. पहिल्या दिवशी पाया पडायला आला तेव्हा मी त्याला एक चांगले पेन दिले आणि त्या गोदामाची हकीकत पहिल्यांदाच सांगितली. त्याने विचारले, ‘आजोबा, मग तुम्ही लिहिले का नाही?’ मी म्हणालो, ‘भ्यालो रे.’ तो काही बोलला नाही. पेन मात्र त्याने खिशाला लावले.